नीना पावलोव्नाचे अठ्ठेचाळीस तास

माझ्या वडिलांचं नाव मला परत मिळालं ते ऑफिसात फरशी पुसणाऱ्या एका बाईमुळे, आणि तेही अजमानमध्ये. मी हे वाक्य सुरू केलं की आमची मुलं एकमेकांकडे बघतात आणि म्हणतात, "मम्मी, नॉट अगेन." मग मी मुद्दाम पहिल्यापासून सांगते. ऐकायचं तर ऐका, नाहीतर जा तुमच्या मॉलमध्ये.

नव्वदच्या दशकाच्या मध्यावरची गोष्ट. अजमानच्या खाडीकाठी परुळेकर साहेबांचं जहाजदुरुस्तीचं यार्ड होतं. साहेब मालवणचे, आवाज मोठा, मन मोठं, आणि रक्तदाब त्याहून मोठा. मी तिथे टायपिस्ट. म्हणायला टायपिस्ट, पण पत्रं, व्हिसाचे कागद, फोन, साहेबांच्या गोळ्यांची वेळ, सगळं माझ्याच गळ्यात. दोन पोर्टाकॅबिन म्हणजे आमचं ऑफिस, मागे एक चिंचोळी पँट्री, आणि पँट्रीला लागून स्टोअर.

एक दिवस साहेब म्हणाले, चहा-फरशीसाठी उद्यापासून एक रशियन बाई येणार आहे. तेव्हा सोव्हिएत मोडल्यावर तिकडून जे कोणी आले त्या सगळ्यांना आमच्याकडे सरसकट रशियनच म्हणायचे. आणि रशियन बाई म्हटलं की यार्डातले पुरुष उगाच घसा खाकरायचे. दुसऱ्या दिवशी जी आली ती पन्नाशीला टेकलेली, सहा फुटांना थोडी कमी, दोन सोन्याचे दात, पायात लष्करी वाटावेत असे बूट. सगळ्यांचं खाकरणं तिथल्या तिथे बंद झालं.

साहेबांनी केबिनच्या दारातून हात पुढे केला. तिने तो घेतला नाही. उंबरा ओलांडून आत आली, मग हात धरून असा हलवला की साहेबांचा चष्मा नाकावर आला. "दरवाजे में नहीं. झगडा होता है," ती म्हणाली. तिच्या गावी हिंदी सिनेमे फार चालायचे, त्यातून तिने अर्धी हिंदी उचलली होती. उरलेली अर्धी आमच्या यार्डाने शिकवली. मग तिने छातीवर हात ठेवून नाव सांगितलं. नीना पावलोव्ना. म्हणजे पावेलची मुलगी नीना. त्यांच्याकडे मानाच्या माणसाला नुसत्या नावाने हाक मारत नाहीत, नावामागे बापाचं नाव लागतं. साहेबांनी मान डोलावली आणि त्याच क्षणापासून तिला नीनाबाई म्हणायला लागले.

मग ती माझ्याकडे वळली. मी सुनंदा म्हटलं. वडिलांचं नाव विचारलं, तर मी सवयीने नवऱ्याचं सांगितलं. लग्नानंतर माझ्या पासपोर्टात, रेशनकार्डात, सगळीकडे मधल्या जागी अविनाशच होता. तिला ते काही केल्या समजेना. नवऱ्याने जन्म दिला का, म्हणाली. मग मी सांगितलं, वडील दत्तोपंत, मिरजेच्या पाटबंधारे खात्यात कारकून होते, वारून सात वर्षं झाली. ती म्हणाली, "सुनंदा दत्तोव्ना. अच्छा नाम." त्या दिवसापासून ती मला दुसऱ्या कुठल्याही नावाने बोलावेना. आधी मला हसू यायचं. पुढे पुढे, खरं सांगते, मी दिवसातून दोनदा उगाच पँट्रीत जायची, ते नाव ऐकायला.

तिचा देश युक्रेन. काळ्या समुद्राजवळच्या गावात जहाजं बांधायचा प्रचंड कारखाना, आणि तिथल्या वेल्डिंग प्रयोगशाळेची ती प्रमुख. हाताखाली तीस माणसं. मग तो देशच मोडला. कारखान्यात पगाराला पैसे नसायचे, म्हणून पगारात पातेली द्यायचे. ही बाई, लोखंडाच्या जोडांवर जिने पुस्तक लिहिलं, ती हमरस्त्याच्या कडेला बर्फात पातेली मांडून उभी राहायची. नंतर कारखान्याच्या मालकीचे कागद सगळ्या कामगारांना वाटले. आता तुम्हीच मालक, असं सांगितलं. त्या हिवाळ्यात घरात खायला नव्हतं, तेव्हा कोणीतरी ट्रक घेऊन दारोदार आलं आणि तिने तिचा कागद साखरेच्या दोन पोत्यांना देऊन टाकला. हे ती सांगायची तेव्हा आवाजात रडणं अजिबात नसायचं. त्या साखरेचा तिने चेरीचा मुरंबा केला होता, तो फार छान झाला होता, एवढंच वर सांगायची. मीच आपली टाइपरायटरवरचं कापड नीट करत बसायची.

त्यानंतर ती मोठमोठ्या पिशव्या घेऊन विमानाने शारजाला यायची आणि इथून टेपरेकॉर्डर, चादरी, जाकिटं भरून न्यायची. तेव्हा अशा बायका विमानं भरभरून यायच्या; त्यांच्यात शिक्षिका असत, डॉक्टरही असत. तिसऱ्या खेपेला ती इथेच राहिली. घरी म्हातारी आई आणि मुलगी कात्या, अकरा वर्षांची. नवरा होता, पण पातेल्यांच्या काळातच कुठेतरी निघून गेला होता.

आता मुख्य गोष्ट सांगते, कारण पुढचं सगळं तिच्याभोवती आहे. नीना पावलोव्नाला कात्याला इकडे आणायचं होतं. आणि व्हिसावर हुद्दा होता क्लीनर. ज्यांनी आखातात दिवस काढलेत त्यांना सांगायला नको, की इथे माणूस कोण आहे हे त्याच्या तोंडावर नाही, व्हिसाच्या शिक्क्यात लिहिलेलं असतं. बाईमाणसाला स्वतःच्या व्हिसावर लेकराला आणायचं तर तेव्हा डॉक्टर, शिक्षिका, इंजिनियर असलं काहीतरी लागायचं. क्लीनरला पोर आणता येत नसे. तिकडे आई थकत चाललेली, आणि आईनंतर कात्याला बघायला कोणी नाही.

इंजिनियरचं सर्टिफिकेट होतं की तिच्याकडे. लाल पुठ्ठ्याचं, पहिल्या श्रेणीचं, सोनेरी अक्षरांचं. उशीच्या अभ्र्यात गुंडाळून ठेवलेलं. मी तिला घेऊन व्हिसाचे अर्ज भरून देणाऱ्या टायपिंग सेंटरमध्ये गेले. तिथल्या माणसाने यादीत देशाचं नाव शोधलं. नव्हतंच. ज्या देशाने ते दिलं तो देशच नकाशावर उरला नव्हता. मग अबूधाबीला तिच्या देशाच्या वकिलातीत गेलो. तिथला माणूस भला होता. म्हणाला, शेवटच्या नोकरीच्या ठिकाणाहून शिक्क्याचं पत्र आणा, की या बाई तिथे इंजिनियर होत्या, मग आम्ही पुढचं करून देतो. नीना पावलोव्नाने कारखान्याला तीन पत्रं पाठवली. एकाचंही उत्तर आलं नाही.

परुळेकर साहेबांनी तिला शब्द दिला होता, शिक्का आण, मी दुसऱ्या दिवशी हुद्दा बदलायचा अर्ज करतो. मला बाजूला घेऊन म्हणाले, "शिक्का काय येत नाय, पण बाईला वाईट वाटायला नको." साहेबांचा चांगुलपणा असा असायचा.

बरं, ती स्वतः झाडूवालीसारखी वागायची असं समजू नका. फरशी पुसायची ती मोजमाप घेतल्यासारखी, कोपऱ्यापासून दाराकडे. चहा द्यायची तो बशीत चमचाभर मुरंबा ठेवून. आणि स्टोअर पुसता पुसता एक दिवस तिला दिसलं, की वेल्डिंगचे रॉड फाटक्या पुड्यांत उघड्यावर पडलेत. अजमानची हवा तुम्हाला माहीत आहे. ऑगस्टमध्ये भिंतीला हात लावला तर हात ओला होतो. ती बशीरभाईंकडे गेली.

बशीरभाई म्हणजे आमचे वेल्डिंगचे फोरमन, रत्नागिरीकडचे, तीस वर्षांचा अनुभव, दाढी मेंदीने लाल. तिने सांगितलं, रॉड ओला झाला की जोडात पाण्याचा अंश जातो, आणि असा जोड आज धडधाकट दिसतो, दोन दिवसांनी आतून तडकतो. बशीरभाईंनी ऐकून घेतलं आणि तिला सांगितलं, की त्यांच्या केबिनचा पंखाही पुसायचा राहिलाय.

ती पंखा पुसून आली. दुसऱ्या दिवशी अकरा वाजता साहेबांनी घरून आणलेला भरला पापलेट गरम करायला पँट्रीतला ओव्हन उघडला आणि किंचाळले. आत ट्रेमध्ये चार ओळींत वेल्डिंगचे रॉड रचलेले. शेजारी नीना पावलोव्ना हातात घड्याळ घेऊन उभी. हा ओव्हन अडीचशेच्या वर जात नाही, म्हणून तीन तास लागतील, तोवर मासा थांबेल, असं तिने साहेबांना समजावलं. बशीरभाई धावत आले. झाडूवाली आमचे रॉड भाजते, ह्यावर त्या दिवशी यार्डभर इतकं हसणं झालं की मलाच मेल्याहून मेल्यासारखं झालं. ती मात्र तीन तास पुरे करूनच हलली.

त्या भाजलेल्या रॉडने बशीरभाईंनी एका टगबोटीचा एक जोड केला. तो जोड आधी दोनदा तडकून परत आला होता. या वेळी आला नाही. महिनाभरात बघते तर बशीरभाई स्वतः सकाळी रॉडचे पुडे काखेत मारून पँट्रीत यायचे आणि ओट्यावर ठेवून, तिच्याकडे न बघता निघून जायचे. साहेब मासे थंडच खायला लागले. नीना पावलोव्नाचं एक वाक्य होतं, ते ती अशा वेळी म्हणायची: "लोहा झूठ नहीं बोलता. लेट बोलता है."

आठ मार्चला तिच्या देशात बायकांना फुलं देतात. हे तिने एकदा सहज सांगितलं होतं. मी लगेच पुढाकार घेतला, मला भारी हौस. सगळ्यांकडून वर्गणी काढली, गुलाबांचा गुच्छ आणला, चांगले डझनभर टपोरे लाल. साहेबांच्या हस्ते दिला. तिचा चेहरा आधी फुलला, मग तिने फुलं मोजली आणि पांढरी पडली. पटकन एक गुलाब ओढून काढला आणि समोर उभ्या बशीरभाईंच्या खिशात खोचला. त्यांच्याकडे सम संख्येत फुलं मेलेल्या माणसाला वाहतात. मी डझन आणून जितीजागती बाई जवळजवळ पोचवलीच होती. मेले माझे संस्कार. आपण स्वतः पाकिटात एकावन्न घालतो, वरचा एक विसरत नाही, आणि दुसऱ्याच्या वेळी डझन. बशीरभाई दिवसभर तो गुलाब खिशात घेऊन जहाजावर वेल्डिंग करत होते.

असं होता होता चार वर्षं गेली. कात्या पंधराची झाली. आईचं फोनवरचं बोलणं तुटक व्हायला लागलं. आणि त्याच हिवाळ्यात ओलेगचं जहाज आलं.

जुनं मालवाहू जहाज होतं. डेकवर, माल उतरवायच्या तोंडाच्या कोपऱ्यात जाड पत्र्याला मोठी चीर गेली होती. मालक ओलेग स्वतः आला होता, म्हणजे किती घाई ते कळलंच. चाळिशीचा, गोरापान, चकचकीत बूट, मनगटावर जाड सोन्याचं घड्याळ. साहेबांच्या केबिनमध्ये बसला होता. नीना पावलोव्ना चहा घेऊन आत गेली आणि दारातच थांबली. तो उठला, हसला आणि म्हणाला, "नीनका!"

ते काय होतं ते मला नंतर कळलं. मोलकरणीला किंवा शेजारच्या पोरीला मारावी तशी हाक. तिच्या आईनेसुद्धा तिला रागावल्याशिवाय तशी मारली नसेल. आणि हा कोण? हा तिच्याच कारखान्यातला, कम्युनिस्ट पक्षाच्या तरुण मंडळाचा सेक्रेटरी. सभेत भाषणं द्यायचा, आणि वेल्डिंगच्या परीक्षेला तिच्यासमोर तीनदा बसून तीनदा नापास झालेला. साखरेचा ट्रक घेऊन दारोदार फिरला तो हाच. आता कारखाना त्याचा होता, हे जहाज त्याचं होतं. ती तीन पत्रंही त्याच्याच टेबलावर गेली असणार. त्याने खिशातून शंभर डॉलरची नोट काढून चहाच्या ट्रेमध्ये ठेवली, लेकीला काहीतरी घे म्हणून. तिने ट्रे वळवून त्याच्या पुढ्यात धरला, कप उचलून दिला, आणि नोट तशीच ट्रेमध्ये त्याच्या समोर ठेवून ती बाहेर आली. पँट्रीत येऊन तिने चार कप विसळले. एक माझ्या हातात दिला आणि म्हणाली, कोरडा कर. मी केला.

ओलेगला रविवारी निघायचं होतं, पुढचा माल ठरलेला होता. म्हणून साहेबांनी शुक्रवारी, सुट्टीच्या दिवशी, काम लावलं. नीना पावलोव्ना शुक्रवारी यायची नाही. ओव्हन कोणी लावला नाही. मालक डोक्यावर उभा, यल्ला यल्ला, लवकर लवकर चाललेलं, बशीरभाईंनी स्टोअरमधून पुडे फोडले आणि संध्याकाळी पाचला जोड पुरा केला. शनिवारी सकाळी तपासणी केली, सगळं स्वच्छ. दुपारी दोनला जहाजं तपासणारा बाहेरचा सर्व्हेअर सही करायला येणार होता.

शनिवारी सकाळी ती आली. थंड ओव्हनवर हात ठेवला. कचऱ्याच्या डब्यातले पुडे बघितले. मग एप्रन काढून खुंटीला लावला आणि थेट साहेबांच्या केबिनमध्ये, ओलेग बसलेला असताना. रॉड ओले होते, म्हणाली. कालचा पाच वाजता जोड संपला, उद्या पाच वाजता तपासा. अठ्ठेचाळीस तास. त्याच्या आत सर्व्हेअरला बोलवू नका.

ओलेग हसला. तो म्हणाला, आमच्याकडे पूर्वी असाच वेळ घालवायचे, म्हणून तर देश बुडाला. आणि सही आज झाली नाही तर तो जहाज दुसऱ्या यार्डात नेणार होता, आमचा पैसाही देणार नव्हता. साहेबांनी माझ्याकडे बघितलं, जसं काही मी सांगणार होते. मग तिच्याकडे बघून म्हणाले, की जोड चांगला निघाला तर त्यांचं यार्डभर आणि खाडीभर हसं होईल. चहावालीच्या सांगण्यावरून मालक घालवला म्हणतील.

ती म्हणाली, "जोड अच्छा निकला, तो मेरा वीजा खलास. मैं घर जाती."

मी तिथेच होते. मला ओरडून सांगावंसं वाटलं, अगं बाई, गप्प बस, चहा कर. कारण घर जाती म्हणजे काय, ते मला माहीत होतं. परत तो रस्ता, ती पातेली, आणि कात्या तिथेच अडकलेली. एका जोडासाठी कोण असं बोलतं? जहाज बुडालं असतं तर ते ओलेगचं बुडालं असतं. नंतर मी तिला हे विचारलं. ती म्हणाली, त्या जहाजावर अठरा खलाशी आहेत, सगळ्यांच्या नावामागे बापाची नावं आहेत.

परुळेकर साहेब खुर्चीतून उठले. त्यांच्या मनात काय आलं देव जाणे. रक्तदाबाची गोळी पाण्याशिवाय गिळली आणि मला म्हणाले, "सुनंदा, सर्व्हेअरला फोन लाव. उद्या पाचला ये म्हणावं." मी फोन फिरवला.

ओलेग हॉटेलात गेला. बशीरभाई दीड दिवस जोडाकडे फिरकले नाहीत. नीना पावलोव्ना मात्र नेहमीसारखी आली, कोपऱ्यापासून दाराकडे फरशी पुसली, मुरंब्याचा चहा दिला. रविवारी दुपारी तिने तिची पिशवी भरून पँट्रीच्या दारामागे ठेवली होती, ती मी बघितली आणि न बघितल्यासारखं केलं. त्यात उशीचा अभ्रा होता.

पाच वाजता सगळे डेकवर. सर्व्हेअर म्हातारा ग्रीक, कमी बोलणारा. जोडावर लाल औषध लावायचं, काही वेळ ठेवून पुसून काढायचं, मग वरून पांढरी पावडर फवारायची. पत्र्याला बारीकशी जरी चीर असेल तर तिच्यात मुरलेला लाल रंग पांढऱ्यावर उमटतो. पावडर फवारली. पांढरं. पाच मिनिटं गेली, पांढरंच. ओलेगने घड्याळाकडे बघितलं आणि रशियन भाषेत काहीतरी म्हणाला. ती हलली नाही. साहेब रुमालाने मान पुसत होते. मी मिरजेच्या दत्ताला काय काय कबूल केलं ते सांगत नाही.

बशीरभाई आधी वाकले. कोपऱ्यात, जिथे जोड वळत होता तिथे, केसाइतकी बारीक लाल रेघ उमटायला लागली होती. बघता बघता वीतभर झाली. सर्व्हेअरने गुडघ्यावर बसून बोटाने ती दाखवली. बशीरभाई उभे राहिले आणि सगळ्यांसमोर हिंदीत म्हणाले, की न भाजलेले रॉड त्यांनी वापरले, चूक त्यांची, बाईंनी त्यांना चार वर्षांपूर्वीच सांगितलं होतं. तीस वर्षांच्या फोरमनला असं म्हणणं सोपं नसतं. मला त्या क्षणी दोघांच्याही पाया पडावंसं वाटलं.

पुढचे दिवस यार्ड तिचं होतं. साहेबांचा कामाचा जुना बॉयलर सूट तिला आखूड झाला, तरी ती तोच घालून डेकवर उभी राहिली. खडूने खुणा करायची, आणि बशीरभाईंची माणसं मुकाट्याने तेवढंच कापायची. तडकलेला जोड कोरून काढला, पत्रा गॅसच्या आगीवर आधी तापवला, हात लावून नव्हे, ठरावीक उष्णतेला वितळणारा वेगळा खडू फिरवून तो किती तापला ते बघितलं. पँट्रीतला ओव्हन दिवसभर चालू. बशीरभाई स्वतः भाजलेले गरम रॉड डब्यात घेऊन जिना चढायचे. आणि जोड पुरा झाल्यावर परत अठ्ठेचाळीस तास. या वेळी ओलेगने घड्याळ बघितलं नाही. पांढरी पावडर पांढरीच राहिली.

सर्व्हेअरला कागद हवा होता, कोणाच्या देखरेखीखाली काम झालं त्याचा. मी टाइपरायटरला कागद लावला आणि साहेबांना विचारलं, हुद्दा काय लिहू? साहेब खिडकीतून बाहेर बघत म्हणाले, "जो आहे तो लिही." मी लिहिलं. नीना पावलोव्ना, पुढे तिचं आडनाव, मग वेल्डिंग इंजिनियर. आयुष्यात मी हजारो पानं टाइप केली असतील. इतकी सावकाश, एक एक अक्षर बघत, हीच ओळ केली. तिने सही केली, सर्व्हेअरने केली.

ओलेग केबिनमध्ये आला. पाकीट काढलं. या वेळी नोट ट्रेमध्ये ठेवली नाही, विचारलं, काय देऊ? ती त्याच्याशी इंग्रजीत बोलली, आम्हाला सगळ्यांना कळावं म्हणून. पैसे नकोत, म्हणाली. कारखान्याचा शिक्का तुझ्याकडे आहे. मी तिथे कोण होते ते एका कागदावर लिही आणि शिक्का मार.

त्याने पाकीट परत खिशात ठेवलं. मग मान खाली घालून म्हणाला, "जरूर, नीना पावलोव्ना."

तिने त्याला नीट न्याहाळलं. तिसऱ्यांदा त्याला तिने नापास केलं होतं, ते याच प्रश्नावर: जोड पुरा झाल्यावर किती तासांनी तपासावा? हे तिने आम्हाला तिथेच सांगितलं. मग त्याचा हात हातात घेतला, खोलीच्या आत, उंबऱ्यापासून दूर, आणि म्हणाली, "ओलेग, टुडे यू पास."

साहेब इतके हसले की मला गोळी शोधावी लागली.

पत्र तीन आठवड्यांत आलं. तिच्याच कारखान्यातल्या तिच्या कामाचा दाखला त्या माणसाच्या सहीने यावा लागला, हे मला कायम खुपत राहिलं. तिला नाही खुपलं. शिक्का कारखान्याचा आहे, म्हणाली, ओलेग त्याला फक्त धरून आहे. वकिलातीने त्यांचा शिक्का मारला, मग इथले एकेक शिक्के झाले, आणि साहेबांनी शब्द पाळला. अर्ज मी टाइप केला. व्हिसा हातात आला त्या दिवशी तिने फरशी पुसली आणि मग बॉयलर सूट घातला. स्टोअरची फरशी ती शेवटपर्यंत स्वतःच पुसायची. ओली राहिली तर रॉडला दमट हवा लागते म्हणून, मानापमानाचा तिथे काही संबंध नव्हता.

कात्या आली ती उन्हाळ्यात, शारजाच्या विमानतळावर. आजीला शेजारणीच्या हवाली करून आली होती. आम्ही सगळे गेलो होतो. साहेब इस्त्रीच्या शर्टात, बशीरभाई यार्डाचा पिकअप घेऊन, मी फुलं घेऊन. दुकानदार डझन बांधत होता, त्याला मी अकरावर थांबवलं. त्याने मला वेड्यात काढलं. नीना पावलोव्ना लाकडासारखी ताठ उभी होती, कात्याच्या व्हिसाच्या परवान्याची झेरॉक्स हातात, जणू आतून कोणी येऊन ती परत मागेल.

पोरगी आईएवढीच उंच निघाली. दोघी एकमेकींना धरून उभ्या राहिल्या, आणि लोक त्यांना वळसा घालून जात राहिले. मग नीना पावलोव्नाने डोळे पुसले, कात्याला आमच्यासमोर उभं केलं आणि एकेकाची ओळख करून दिली. साहेबांचं नाव घेतलं, बशीर हुसेनोविच, म्हणजे हुसेनचा मुलगा, म्हणाली, आणि मग माझ्या खांद्यावर हात ठेवला. "सुनंदा दत्तोव्ना." मिरजेच्या बाहेर फारसे न गेलेले आमचे दादा, माझे वडील, शारजाच्या विमानतळावर त्यांचं नाव घेतलं गेलं, आणि एका परक्या पोरीने ते ऐकून माझ्यासमोर मान झुकवली. मला रडू आवरेना, आणि आवरायचंही नव्हतं.

बशीरभाईंना हे नावाचं प्रकरण चार वर्षांत थोडंफार समजलं होतं. त्यांनी कात्याची बॅग उचलली, घसा साफ केला आणि मोठ्या अदबीने म्हणाले, "चलिए, कात्या नीनोव्ना."

कात्याने आईकडे बघितलं. हसत हसत इंग्रजीत म्हणाली, मामा, असं नसतं, तिथे बापाचं नाव लागतं. बशीरभाई ओशाळले. आपलं काय चुकलं ते त्यांना कळेना. त्यांनी तर परवान्यावर मुलीला आणणाऱ्याचं जे नाव होतं तेच लावलं होतं.

नीना पावलोव्नाने हातातली झेरॉक्स उलगडून बघितली. मग ती घडी करून पर्समध्ये ठेवली.

"बशीर ठीक बोला," ती म्हणाली, आणि लेकीचा हात धरून पिकअपकडे चालायला लागली.